तडजोड पुरसीसमधली कलमे

व्यवसायातला दावा न्यायालयात तडजोडीने मिटला असे सांगितले की ऐकणारा बहुधा लगेच विचारतो, "म्हणजे किती सोडले?" आमचा दावा मिटल्यावर हा प्रश्न मला नातेवाइकांनी, इतर व्यावसायिकांनी आणि आमच्या हिशेबनिसांनीही विचारला. तडजोड म्हणजे थकलेल्या माणसाने घेतलेली माघार, अशी एक पक्की समजूत या प्रश्नामागे असते. दावा दाखल केला तेव्हा माझीही समजूत तीच होती. नंतर तडजोडीचे एकेक कलम लिहिण्यात अकरा महिने गेले आणि त्या लिखाणावर, म्हणजे दोन्ही बाजूंनी सही करून न्यायालयाला दिलेल्या तडजोड पुरसीसवर, न्यायाधीशांची सही होऊन त्याचा हुकूमनामा, म्हणजे न्यायालयाचा बंधनकारक निर्णय, झाला, तेव्हा हे काम किती काळजीने करावे लागते ते मला कळले. ते कोणाच्या तरी उपयोगी पडावे म्हणून हे लिहीत आहे. मी वकील नाही. मी या दाव्यातला वादी होतो आणि आमच्या वकीलबाईंनी जे समजावून सांगितले व मी स्वतः जे वाचले, तेवढ्याच आधारावर बोलतो आहे.

वाद साधा होता. आमची तीन भागीदारांची संस्था यंत्राचे सुटे भाग बनवते. एक कंपनी कित्येक वर्षे आमच्याकडून माल घेत होती. तिने शेवटच्या काही बिलांचे पैसे थांबवले आणि माल मापात नव्हता असे कळवले. आम्ही वसुलीचा दावा लावला, त्यांनी कैफियतीसोबत, म्हणजे दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरासोबत, प्रतिदावा दाखल केला, आणि त्यांचे दोन धनादेश न वटल्यामुळे परक्राम्य संलेख कायद्याच्या कलम १३८ खाली आमची फौजदारी तक्रारही चालू झाली. म्हणजे एका वादाची तीन प्रकरणे झाली. न्यायालयाने ठरवायचे मुद्दे निघाले, माझे सरतपासाचे, म्हणजे माझी साक्ष मांडणारे, शपथपत्र दाखल झाले, आणि तीन तारखा माझा उलटतपास चालला.

त्या उलटतपासात समोरच्या वकिलांनी आमची तपासणी नोंदवही मागितली. ती न्यायालयात दाखल झाली, तिला निशाणी क्रमांक पडला, आणि मी साक्षीच्या पिंजऱ्यात उभा असताना त्यांनी एक पान उघडून माझ्यापुढे धरले. वादातल्या तीन खेपांपैकी दुसऱ्या खेपेची ती नोंद होती. आमच्याच तपासनिसाने समासात पेन्सिलीने लिहिले होते, "गेज पुन्हा तपासणे." त्या खाली पुन्हा तपासल्याची नोंद कुठेच नव्हती. मी ते पान त्यापूर्वी पाहिलेले नव्हते. दावा लावताना मी बिले पाहिली, पावत्या पाहिल्या, पत्रव्यवहार पाहिला. ही नोंदवही उघडण्याची गरज मला वाटली नव्हती. न्यायालयात मी एवढेच म्हणालो की नोंद आमचीच आहे. त्या रात्री मात्र भागीदारांना स्पष्ट सांगितले की पहिल्या आणि तिसऱ्या खेपेबद्दल मी ठाम आहे, दुसऱ्या खेपेबद्दल आता तसा राहिलेलो नाही. आमच्या तडजोडीची खरी सुरुवात मी त्या रात्रीपासून धरतो.

पुढच्या तारखेला न्यायाधीशांनी दोन्ही बाजूंना विचारले की प्रकरण मध्यस्थीकडे पाठवायचे का. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८९ ने न्यायालयाला हा अधिकार दिला आहे. हे कलम आजच्या रूपात १ जुलै २००२ पासून लागू झाले. सर्वोच्च न्यायालयाने २०१० च्या अफकॉन्स प्रकरणात कोणते वाद या मार्गाने पाठवण्याजोगे आहेत हे विस्ताराने सांगितले, आणि त्यात व्यापार व करारांचे वाद आवर्जून घेतले. त्याच निकालात न्यायालयाने कलम ८९ च्या शब्दरचनेतल्या व्याख्यांची अदलाबदल झाली असल्याचेही दाखवून दिले. ज्यांना कायद्याच्या भाषेत रस आहे त्यांनी तो निकाल जरूर वाचावा. पुढे २०१८ च्या दुरुस्तीने वाणिज्यिक न्यायालय कायद्यात कलम १२अ आले आणि तातडीचा अंतरिम आदेश मागायचा नसेल तर दावा लावण्यापूर्वीच मध्यस्थीची पायरी चढणे आवश्यक झाले. सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये ही पायरी बंधनकारक असल्याचे स्पष्ट केले. आमचा दावा त्या दुरुस्तीपूर्वीचा असल्यामुळे आम्ही ती पायरी चढलो नव्हतो. चढलो असतो तर नोंदवही आधी उघडली गेली असती का, हा विचार माझ्या मनात अनेकदा येऊन गेला आहे.

मध्यस्थीच्या दोनच बैठका झाल्या आणि त्यांत रकमेवर एकमत झाले नाही. तरीही मी त्या वाया गेल्या असे म्हणणार नाही. मध्यस्थांनी आम्हा दोघांशी स्वतंत्रपणे बोलून शेवटी एका कागदावर तीन खेपा लिहिल्या आणि प्रत्येकीसमोर नेमका वाद काय आहे तो एका ओळीत मांडला. दोन वर्षे आम्ही एकमेकांना "सगळा माल" आणि "सगळे पैसे" याच भाषेत उत्तरे देत होतो. पहिल्या खेपेबद्दल कंपनीची तक्रार फक्त उशिराची होती, तिसऱ्या खेपेचा बराचसा माल त्यांनी वापरलाही होता, आणि मापाचा प्रश्न खऱ्या अर्थाने दुसऱ्या खेपेपुरताच होता, हे त्या कागदावर प्रथमच दिसले.

त्यानंतर प्रश्न आला तो तडजोड कोणत्या रूपात करायची याचा. कंपनीच्या अधिकाऱ्यांचे म्हणणे होते की आपण बाहेर करार करू, तुम्ही दावा काढून घ्या, आम्ही तक्रार करणार नाही. ऐकायला हे सोपे वाटते, आणि माझ्या एका भागीदाराला ते पटलेही होते. वकीलबाईंनी त्याला थांबवले. "दावा बिनशर्त काढून घेतलात आणि त्यांनी दुसरा हप्ता बुडवला, तर तुमच्या हातात काय राहील?" असे त्यांनी विचारले. त्याच कारणासाठी पुन्हा दावा लावण्याची वाट संहितेच्या आदेश २३ नियम १ ने बंद होते, आणि बाहेरच्या कराराच्या आधारावर नवा दावा लावायचा म्हटले तर कैफियत, मुद्दे आणि साक्षीपुरावा हे सगळे पहिल्यापासून सुरू करावे लागते. दुसरा मार्ग लोकअदालतीचा होता. तिथला निवाडा विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम २१ प्रमाणे हुकूमनाम्यासारखाच अमलात येतो, त्यावर अपील नाही, आणि भरलेले न्यायालयीन शुल्क परत मिळते. रक्कम एकरकमी आणि अटी थोड्या असतील तर मी आजही लोकअदालतच सुचवीन. आमच्या अटी लांब होत्या, हप्ते होते, प्रतिदावा होता, आणि त्या प्रत्येकीवर दोन्ही वकिलांना शब्दाशब्दाने बसायचे होते. म्हणून आम्ही आमच्याच न्यायालयात आदेश २३ नियम ३ खाली तडजोड पुरसीस देण्याचे ठरवले. उच्च न्यायालयात यालाच सगळे कन्सेंट टर्म्स म्हणतात.

या नियमाला १९७६ च्या दुरुस्तीने आजचे रूप आले. तडजोड लेखी हवी, पक्षकारांच्या सहीची हवी आणि कायदेशीर हवी. न्यायालयाची तशी खात्री झाली पाहिजे. करारातला एखादा विषय मूळ दाव्यात नसला, तरी तो त्याच पक्षकारांसंबंधी असेल तर हुकूमनाम्यात घेता येतो. आमचा फौजदारी तक्रारीचा निपटारा आणि पुढच्या व्यवहाराच्या अटी याच आधाराने पुरसीसमध्ये आल्या. आणि ज्याने प्रत्येक पक्षकाराला सही करण्यापूर्वी क्षणभर थांबावेसे वाटले पाहिजे, ते असे: संमतीच्या हुकूमनाम्यावर संहितेच्या कलम ९६(३) मुळे अपील होत नाही, आणि तडजोड बेकायदेशीर होती असे म्हणून ती रद्द करण्यासाठी वेगळा दावाही नियम ३अ मुळे लावता येत नाही. फसवणूक झाली असे वाटले तर त्याच न्यायालयापुढे अर्ज घेऊन जावे लागते. साक्षीपुरावा होऊन निकाल विरुद्ध गेला तर वरचे न्यायालय असते. आपणच लिहून दिलेल्या मजकुराविरुद्ध मात्र दाद मागण्याची जागा फार थोडी उरते.

सहीचा अधिकार कोणाला, ही बाब किरकोळ वाटते, पण तीवरून चांगल्या तडजोडी पुढे अडचणीत आल्याचे मी ऐकले आहे. रोजचे व्यवहार एक भागीदार संस्थेच्या वतीने करू शकतो म्हणून तो तडजोडही करू शकेल, असे आम्ही गृहीत धरले होते. भारतीय भागीदारी कायदा, १९३२ चे कलम १९(२) नेमके उलटे सांगते: संस्थेचे येणे सोडणे किंवा त्यावर तडजोड करणे आणि दावा काढून घेणे या गोष्टी एकट्या भागीदाराच्या गर्भित अधिकारात येत नाहीत. त्यामुळे पुरसीसवर आम्ही तिघांनीही सह्या केल्या, आणि कंपनीकडून संचालक मंडळाचा ठराव व प्राधिकृत अधिकाऱ्याचे नाव घेतले. त्या ठरावात "दावा चालवणे" एवढेच शब्द होते. "तडजोड करणे" हे शब्द घालून ठराव नव्याने आणायला त्यांना तीन आठवडे लागले. ते तीन आठवडे मला त्या वेळी अनावश्यक वाटले होते, आता वाटत नाहीत.

सगळ्यात जास्त वेळ गेला तो हप्ते चुकल्यास काय, या एका कलमावर. माझा पहिला मसुदा रागातून आलेला होता. ठरलेली रक्कम नऊ हप्त्यांत द्यावी आणि एकही हप्ता चुकला तर उरलेल्या रकमेच्या दुप्पट द्यावी, असे मी लिहून नेले. वकीलबाईंनी तो कागद वाचून बाजूला ठेवला.

"दुप्पट लिहिलेत तर उद्या दरखास्तीत, म्हणजे हुकूमनाम्याच्या वसुलीच्या अर्जात, ते म्हणतील की हा दंड आहे, आणि न्यायालय त्यांचे ऐकेल," त्या म्हणाल्या.

"पण मॅडम, त्यांनी सही केलेली असेल ना?"

"सही केली म्हणून दंडाचे रूप बदलत नाही. तुमचे खरे येणे किती आहे, ते आधी मला सांगा."

मग त्यांनी जो फरक समजावला तो मला या साऱ्या प्रकरणातला सर्वांत मोलाचा भाग वाटतो. भारतीय करार कायद्याच्या कलम ७४ प्रमाणे करारभंगासाठी लिहून ठेवलेली रक्कम जशीच्या तशी मिळत नाही. त्या मर्यादेत वाजवी भरपाईच मिळते. म्हणून कमी रक्कम देय आहे असे लिहून, हप्ता चुकला तर वरती आणखी काही द्यावे असे म्हटले, तर ते वरचे देणे दंड ठरण्याचा धोका राहतो. याउलट पूर्ण रक्कम देय आहे हे समोरच्याने मान्य केले आणि वेळेवर फेड केली तर धनको त्यातली काही सोडेल असे लिहिले, तर ती सवलत होते. हप्ता चुकला की सवलत संपते आणि जे मुळात देणेच होते ते पुन्हा देय होते; त्याला दंड म्हणता येत नाही. दोन्ही मसुद्यांत आकडे सारखे असू शकतात. वाक्य कोठून सुरू होते त्यावर पुढची वसुली ठरते.

अडचण अशी की पूर्ण रक्कम मान्य आहे असे लिहून द्यायला कंपनी तयार नव्हती, आणि दुसऱ्या खेपेचा विचार केला तर तिने का व्हावे याचे प्रामाणिक उत्तर माझ्याकडे नव्हते. शेवटी आम्ही दुसऱ्या खेपेचे पूर्ण पैसे मागणीतून वगळले आणि त्या बिलापुरता हिशेब वेगळा मांडून पुरसीसला जोडला. त्यानंतर उरलेली रक्कम देय आहे हे त्यांनी एका बैठकीत मान्य केले. माझ्या भागीदारांना आपण फार सोडले असे वाटत होते. माझे मत तेव्हाही वेगळे होते आणि आजही तेच आहे: त्या खेपेचे पैसे मागणीत ठेवले असते तर "पूर्ण रक्कम देय आहे" हे वाक्य कंपनीने कधीच लिहून दिले नसते, आणि त्या वाक्याशिवाय बाकीच्या आठ पानांचा आम्हाला फारसा आधार नव्हता. दोन्ही बाजूंना मनातून खरा वाटेल असा आकडा सापडला की उरलेली कलमे लिहिणे सोपे जाते.

बाकीच्या अटी त्या मानाने लवकर ठरल्या. हप्ता कधी दिला असे मानायचे, तर रक्कम आमच्या खात्यात जमा झाल्याच्या दिवशी. उशिराला पंधरा दिवसांची मुभा. रक्कम जीएसटीसह की जीएसटी सोडून, आणि वगळलेल्या खेपेसाठी क्रेडिट नोट कोण व केव्हा देणार, हे स्पष्ट शब्दांत. प्रतिदावा मागे घेतल्याचा उल्लेख. कलम १३८ ची तक्रार कलम १४७ खाली कोणत्या हप्त्यानंतर मिटवायची, त्याची तारीख. हे शेवटचे कलम कंपनीला पहिल्याच दिवशी हवे होते, आम्हाला सर्व हप्त्यांनंतर. ते तिसऱ्या हप्त्यावर ठरले, आणि मला वाटते दोघांनाही थोडे टोचेल तेवढ्याच जागी ते थांबले.

पुरसीस दाखल झाली त्या दिवशी न्यायालयात गर्दी होती आणि आमचा पुकारा दुपारी झाला. सह्या झाल्यावर न्यायाधीश लगेच आदेश देतील असे मला वाटले होते. त्यांनी आधी मजकूर पूर्ण वाचला. मग मला पुढे बोलावून विचारले की हे सगळे मराठीत समजावून सांगितले आहे का, सह्या तुमच्याच आहेत का, आणि कोणी दबाव आणला आहे का. मी उत्तरे दिली. कंपनीच्या अधिकाऱ्यांनाही त्यांनी तेच विचारले. नंतर पाचव्या पानावर बोट ठेवून न्यायाधीश म्हणाल्या, "इथे 'दोन हप्ते चुकल्यास' लिहिले आहे. लागोपाठचे दोन, की एकूण दोन?" दोन्ही वकिलांनी एकमेकांकडे पाहिले. अकरा महिन्यांत हा प्रश्न आमच्यापैकी एकालाही पडला नव्हता. तिथेच बाकावर बसून "लागोपाठचे असोत वा नसोत, कोणतेही दोन हप्ते" असे शब्द हाताने घातले गेले, त्या दुरुस्तीशेजारी सर्वांनी पुन्हा सह्या केल्या, आणि मगच पुरसीस वाचून नोंदवली गेली व तिच्याप्रमाणे हुकूमनामा करण्याचा आदेश झाला. नियमात लिहिलेली "न्यायालयाची खात्री" म्हणजे काय, हे मी त्या दिवशी डोळ्यांनी पाहिले.

हुकूमनामा झाला की काम संपले असे मानणाऱ्यांत आम्हीही होतो. चौथ्या हप्त्याची तारीख उलटली, मुभेचे पंधरा दिवसही गेले आणि पैसे आले नाहीत. माझा दुसरा भागीदार दरखास्त लावायला निघाला होता. वकीलबाईंनी आधी सगळी खाती तपासायला सांगितली. तेव्हा कळले की कंपनीच्या हिशेब विभागाने रक्कम वेळेवर पाठवली होती, पण आमच्या जुन्या, जवळजवळ बंद पडलेल्या खात्यात. पुरसीसमध्ये खाते क्रमांक दिलेला होता, त्यांच्या यादीत मात्र जुनाच राहिला होता. आम्ही दरखास्त लावली असती तर विश्वासाचा जो थोडासा धागा पुन्हा जुळत होता तो तुटलाच असता.

त्या निमित्ताने आदेश २१ नियम २ चा अर्थ आम्हाला समजला. हुकूमनाम्याची रक्कम न्यायालयाबाहेर दिली-घेतली गेली तर धनकोने ती मिळाल्याचे न्यायालयाला कळवायचे असते. त्याने ते केले नाही तर ऋणकोला स्वतः अर्ज करून नोंद करून घेता येते, आणि मुदत कायद्याप्रमाणे त्यासाठी तीस दिवस असतात. नोंद न झालेली फेड दरखास्तीचे न्यायालय विचारात घेत नाही. पैसे खरोखर दिलेल्या माणसाला या एका त्रुटीपायी केवढे संकट ओढवू शकते, याची कल्पना करून पाहावी. पहिले तीन हप्ते आम्हाला मिळाले होते आणि आम्ही एकाचीही नोंद केलेली नव्हती; ही चूक सर्वस्वी आमची होती. मी त्यांच्या अधिकाऱ्यांना स्वतः फोन केला. "साहेब, पैसे आले आहेत, शोध आम्ही उशिरा घेतला," एवढे सांगितले, आणि त्याच आठवड्यात चारही हप्ते मिळाल्याची पुरसीस आमच्या सहीने दाखल केली. पुढे प्रत्येक हप्त्यानंतर चार ओळींची पुरसीस देण्याची पद्धत आम्ही शेवटपर्यंत पाळली.

नववा हप्ता दोन दिवस आधी जमा झाला. "हुकूमनाम्याची संपूर्ण फेड झाली असून वादीचे काहीही येणे राहिलेले नाही" या मजकुरावर आम्ही तिघांनी सह्या केल्या, रोजनाम्यात तशी नोंद झाली, आणि मी तिची प्रमाणित नक्कल काढून घेतली. मूळ दस्तऐवज परत मिळावेत असा अर्ज त्याच दिवशी दिला. काही दिवसांनी कारकुनांनी पोच घेऊन तपासणी नोंदवही माझ्या हातात दिली. त्या पानावर निशाणीचा शिक्का आहे आणि शेजारी पेन्सिलीची ओळ तशीच आहे. नोंदवही मी तपासनिसांच्या टेबलावर परत ठेवली, आणि माल बाहेर पाठवण्यापूर्वी पुनर्तपासणीच्या रकान्यात सही झाल्याशिवाय पावती फाडायची नाही, असे त्याच दिवशी सर्वांना लेखी कळवले.